अंगठ्याचे तीस टक्के : अपघात-भरपाईच्या निकालपत्रांचं एक वाचन

(व्याख्यानाचं शब्दांकन. बोलण्याचा बाज शक्यतो तसाच ठेवला आहे.)

आयोजकांनी मला विषय दिला होता तो 'रस्ते अपघातातील जखमींना मिळणारी नुकसानभरपाई' असा. मी त्यांना म्हटलं, कलमं सांगायला मी कशाला हवी, ती पुस्तकात आहेत. त्यापेक्षा मी निकालपत्रांबद्दल बोलते. आपण कथा-कादंबरी वाचतो, तिच्यात माणूस कसा दिसतो, काय दिसत नाही, यावर चर्चा करतो. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाचं निकालपत्रही एका माणसाची गोष्टच सांगत असतं. मग त्याचं वाचन का करू नये? आजचं बोलणं म्हणजे तेवढंच, एक टीकात्मक वाचन.

आधी एक कबुली देते. वकिलीची पहिली काही वर्षं मी विमा कंपनीच्या बाजूने उभी राहायचे. म्हणजे जखमी माणूस साक्षीला आला की त्याची उलटतपासणी घ्यायचं काम माझं. एक बाई आल्या होत्या. वय चौतीस. घरी ब्लाउज शिवायच्या. मागून आलेल्या टेम्पोने उडवलं आणि उजव्या हाताचा अंगठा गेला. मी त्यांना विचारलं, "ताई, मशीन पायाने चालतं ना?" त्या म्हणाल्या, "हो." "पाय शाबूत आहेत ना?" "हो." "जेवता स्वतःच्याच हाताने?" थोडं थांबून म्हणाल्या, "हो." संपली माझी उलटतपासणी. मी खूश होते. मग शिरस्तेदारांनी जबाबाखाली सही करायला सांगितलं. त्यांनी पेन दोन बोटांत धरायचा प्रयत्न केला, जमेना. शेवटी डाव्या हाताचा अंगठा उठवला. शिकलेल्या बाई होत्या त्या. सही येत होती त्यांना.

कात्री कशी धरायची, सुई कशी ओवायची, हुक-काजं कशी करायची, हे मी विचारलं नाही. मी नाही विचारलं ते समजू शकतं, माझं कामच ते होतं. पण त्यांच्या वकिलांनीही विचारलं नाही. आणि न्यायाधिकरणानेही नाही. दाखल्यावर लिहिलं होतं, ३० टक्के. उत्पन्नाचा कागद नव्हता, म्हणून महिना ६ हजार धरले. ६ हजार गुणिले १२, गुणिले १६, त्याचे ३० टक्के. झाले ३ लाख ४५ हजार ६००. पुढे वेदना आणि औषधपाणी यांचे थोडे.

हे १६ कुठून आले? सरला वर्मा या नावाने ओळखल्या जाणाऱ्या २००९च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने वयानुसार गुणकांचा तक्ता घालून दिला. पंचविशीपर्यंत १८, मग १७, मग ३१ ते ३५ या वयाला १६, असं करत सत्तरीला ५. त्याआधी प्रत्येक न्यायाधिकरण आपापल्या मनाने गुणक लावत असे. तेव्हा तक्ता आला हे चांगलंच झालं. मी तक्त्याच्या विरोधात नाही. माझा प्रश्न त्या ३० टक्क्यांबद्दल आहे. ते कुठून आले?

ते आले १९२३ सालच्या एका कायद्यातून. कामगार नुकसानभरपाई कायदा. गिरणीत, कारखान्यात हात तुटला तर काय द्यायचं, यासाठी ब्रिटिश अमदानीत केलेला. त्याच्या परिशिष्टात शरीराची यादीच होती. अंगठा गेला तर ३० टक्के. पूर्ण तर्जनी १४. मधलं बोट १२. करंगळी ७. अख्खा हात ६०. वाचताना खाटकाच्या दुकानातल्या दरपत्रकासारखं वाटतं, पण त्या काळी ही यादी कामगारांच्या फायद्याची होती. वाद न घालता रक्कम ठरायची. मोटार अपघाताच्या कायद्याने १९९४ साली दुसरी अनुसूची आणली, तेव्हा कायम अपंगत्वासाठी याच यादीकडे बोट दाखवलं. आणि आपल्या सवयीत ती जी बसली ती बसलीच.

आता गंमत बघा. सर्वोच्च न्यायालयाने या सवयीविरुद्ध अगदी स्पष्ट लिहून ठेवलेलं आहे. ऑक्टोबर २०१०, राजकुमार विरुद्ध अजयकुमार. न्यायमूर्ती रवींद्रन यांचं निकालपत्र. माझ्या मते या विषयावरचं सगळ्यात नीट विचार केलेलं लिखाण. ते म्हणतात, तीन गोष्टी वेगळ्या करा. एका अवयवाचं अपंगत्व किती, त्यामुळे सगळ्या शरीराचं किती, आणि त्यामुळे कमाईची ताकद किती गेली. पहिल्या दोन गोष्टी डॉक्टर सांगेल. तिसरी डॉक्टर सांगू शकत नाही, ती न्यायाधिकरणाने पुरावा घेऊन ठरवायची. उदाहरणही दिलंय. डावा हात गेला. डॉक्टरच्या लेखी साधारण ६० टक्के. पण माणूस ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर कमाई जवळजवळ शंभर टक्के गेली. तोच सरकारी कारकून असेल तर नोकरी कदाचित तशीच चालू राहील.

म्हणजे नियम असा झाला की हाताकडे बघू नका, त्या हाताने काय चालत होतं ते बघा. याहून साफ कसं सांगणार? आणि माझी टेलरताईंची केस या निकालानंतरची आहे. निकालपत्रात राजकुमारचा दाखलाही दिला होता. एक परिच्छेद उतरवून घेतला होता आणि पुढच्याच ओळीत ३० टक्के. ही एका न्यायाधीशाची चूक म्हणून मी सांगत नाही. त्यांच्यापुढे पुरावाच नव्हता. दाखला होता, म्हणून दाखला वापरला.

माझी पहिली टीका ही. आपल्याकडे तत्त्व आणि हिशेब एकाच निकालपत्रात शेजारी-शेजारी राहतात, पण एकमेकांशी बोलत नाहीत.

हा नुसता शब्दांचा खेळ नाही, पैशांचा आहे. त्याच ताईंचा हिशेब आजच्या नियमांनी करू. त्या सांगत होत्या महिना १२ हजार. गिऱ्हाइकांच्या मापांची वही होती त्यांच्याकडे, ती कुणी कोर्टात आणायला सांगितली नाही. समजा वही आली, शेजारच्या चार बायकांची साक्ष झाली आणि १२ हजार धरले. २०१७च्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे स्वतःचा धंदा असणाऱ्याचं वय चाळिशीच्या आत असेल तर पुढच्या वाढीचे ४० टक्के मिळवायचे. ते मृत्यूच्या केसमध्ये म्हटलं होतं, पण जखमींनाही ते लागू, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली सांगितलं. झाले १६ हजार ८००. आणि शिवणकामाच्या दृष्टीने कमाईची ताकद समजा ८० टक्के गेली. वर्षाचे २ लाख १ हजार ६००, गुणिले १६, त्याचे ८० टक्के. २५ लाख ८० हजार ४८०.

बाई तीच, अंगठा तोच, कायदाही तोच. एकीकडे साडेतीन लाख, दुसरीकडे जवळजवळ २६ लाख. मधला फरक कशाचा? एका वहीचा आणि चार प्रश्नांचा.

२०२०चा जो निकाल म्हटलं, तो एका तरुण टायपिस्टचा होता. हाताला अपंगत्व, दाखला ८९ टक्क्यांचा. उच्च न्यायालयाने कमाईचं नुकसान ४५ टक्के धरलं. सर्वोच्च न्यायालयाने ते ६५ केलं. एकाच माणसाच्या एकाच हाताचे हे तीन आकडे. मला हे वाचताना वाटतं की आकडा बदलतो याची तक्रार नको. तो का बदलला हे प्रत्येक वेळी शब्दांत लिहिलेलं असावं, एवढंच.

आता दुसरी टीका. ही जरा खोल आहे, म्हणून सावकाश सांगते.

आपला सगळा भरपाईचा कायदा मृत्यू समोर ठेवून रचलेला आहे. जखमी माणूस त्यात मागाहून येतो. पुरावा म्हणून कायद्यातलेच आकडे घ्या. चालकाची चूक सिद्ध न करता ठरावीक रक्कम द्यायची तरतूद १९८२ साली आली. मृत्यूला १५ हजार, कायम अपंगत्वाला साडेसात हजार. १९९४ साली वाढवली. मृत्यूला ५० हजार, अपंगत्वाला २५ हजार. २०१९ची दुरुस्ती, जी या बाबतीत १ एप्रिल २०२२पासून लागू झाली, तिच्यात मृत्यूला ५ लाख, गंभीर दुखापतीला अडीच लाख. चाळीस वर्षं झाली, या तिन्ही वेळी बरोब्बर निम्मे. ठोकर मारून वाहन पळून गेलं आणि सापडलंच नाही, तर मृत्यूला २ लाख आणि गंभीर दुखापतीला ५० हजार. तिथे तर पाव.

हे निम्मे कुणी मोजून काढले? मला कुठे सापडलं नाही. मला वाटतं यामागे न बोललेली एक समजूत आहे, की मृत्यू म्हणजे पूर्ण नुकसान आणि जखमी म्हणजे अर्धवट मृत्यू. जिवावरचं बोटावर गेलं, असं आपण म्हणतोच की. सांत्वनाला ते ठीक आहे. पण ज्याच्या कमरेखालचं शरीर लुळं पडलं, त्याच्या घरच्यांना विचारा. गेलेल्या माणसाचं दुःख मोठं असतं, पण त्याचा खर्च तिथे थांबतो. हा माणूस जेवतो, आजारी पडतो, त्याला कुशीवर वळवावं लागतं, पाठीला जखमा होतात, नळी बदलावी लागते. पुढची तीस वर्षं. न्यायालयालाही हे कळतं. मृत्यूच्या दाव्यात मृताचा स्वतःवरचा खर्च म्हणून एक तृतीयांश किंवा तशी रक्कम वजा करतात, जखमीच्या दाव्यात करत नाहीत. कारण तो अजून जेवतो आहे.

आणि 'गंभीर दुखापत' म्हणजे काय, तेही बघा. मोटार वाहन कायद्याने ती व्याख्या दंडसंहितेतून उचलली. त्या व्याख्येत डोळा जाणं आहे, अवयव जाणं आहे, आणि हाड मोडणं किंवा दात पडणं हेही आहे. फौजदारी कायद्यात ते योग्य आहे, तिथे प्रश्न मारणाऱ्याच्या गुन्ह्याचा असतो. पण भरपाईत तीच व्याख्या आणली की दात पडलेल्यालाही अडीच लाख आणि मणका मोडलेल्यालाही अडीच लाख. वर ते अडीच लाख स्वीकारले की चुकीवर आधारलेला मोठा दावा संपतो. दवाखान्याचं बिल अंगावर असताना समोर आलेली ही रक्कम गरीब माणूस सोडेल का? म्हणून सांगते, इथे बसलेल्या कुणावर किंवा कुणाच्या नातेवाइकावर ही वेळ आली, तर मणक्याची, डोक्याची, अवयव जाण्याची दुखापत असताना घाईने सही करू नका.

तिसरी टीका. निकालपत्रात एक माणूस जवळजवळ कधीच नसतो. जखमीची काळजी घेणारी व्यक्ती.

ती बहुतेक वेळा बायको असते, आई असते, सून असते. निकालपत्रात औषधांच्या बिलांची बेरीज पैशापर्यंत असते. रिक्षाभाडं असतं, 'विशेष आहार' म्हणून पाच-दहा हजार असतात. पण तिने शेतावरची मजुरी सोडली, रात्री दोन-दोन तासांनी उठून त्याला वळवलं, याचा रकाना नसतो. असला तर 'परिचारक खर्च' म्हणून काही हजारांची ठोक रक्कम. आणि विमा कंपनीचा युक्तिवाद ठरलेला. मीच केलेला आहे तो. "परिचारक नेमल्याची पावती कुठे आहे?" बायकोने नवऱ्याला पावती द्यायची का?

२०२० साली सर्वोच्च न्यायालयाने एका बारा वर्षांच्या मुलीच्या केसमध्ये वेगळी वाट धरली. मुलगी पूर्णपणे परावलंबी झाली होती. न्यायालयाने दोन परिचारकांचे महिना १० हजार धरले आणि त्याला गुणक लावला, १८. म्हणजे २१ लाख ६० हजार, फक्त सांभाळण्याचे. आता हे त्या अडीच लाखांशेजारी ठेवा. मृत्यूच्या ५ लाखांशेजारी ठेवा. मग जखमी हा 'अर्धा' ठरतो की नाही ते तुम्हीच सांगा.

घरातल्या कामाला मोल आहे, हे तर आपल्या न्यायालयाने दोन दशकांत हळूहळू मान्य केलेलंच आहे. १९९४च्या अनुसूचीत न कमावत्या माणसाचं उत्पन्न वर्षाला १५ हजार धरलं होतं, आणि कमावता नसलेल्या जोडीदाराचं मोल कमावत्याच्या एक तृतीयांश. नवरा कमी कमावणारा असेल तर बायकोच्या कामाचं मोलही आपोआप कमी! २०१० साली न्यायमूर्ती गांगुलींनी दाखवून दिलं की जनगणनेत गृहिणींना भिकाऱ्यांबरोबर, कैद्यांबरोबर अनुत्पादकांच्या गटात टाकलेलं होतं. २०२१च्या कीर्ती निकालात न्यायमूर्ती रमणा यांनी वेळेच्या वापराच्या सरकारी पाहणीतले आकडे दिले. घरच्या बिनपगारी कामाला बाई दिवसाला सरासरी २९९ मिनिटं देते, पुरुष ९७. पण हे सगळं कधी मोजलं गेलं? बाई गेल्यावर. तिच्या जिवंतपणी नवरा अंथरुणाला खिळला आणि ही २९९ मिनिटं दुप्पट झाली, तर ती कोण मोजणार? जे काम मेल्यावर मोजता येतं ते जिवंतपणीही मोजता येईल. तर्क तोच आहे, फक्त लावायचा राहिलाय.

आता दुसरी बाजू मांडते, नाहीतर तुम्ही म्हणाल बाईंनी पूर्वी कंपनीची बाजू घेतली, आता जखमींची घेतायत. खोटे दावे असतात. झाडावरून पडलेला माणूस मोटारसायकलने उडवला म्हणून दाखवतात, अपघातात नसलेली गाडी आणतात, हवा तेवढा टक्का लिहून देणारे महाभागही भेटतात. मी पाहिलेत. भरपाईचा पैसा शेवटी आपल्या सगळ्यांच्या हप्त्यांतून येतो. शिवाय तक्ता, दाखला, ठरलेली रक्कम यांमुळे निकाल लवकर लागतो आणि दोन जिल्ह्यांत दोन न्याय होत नाहीत. हे म्हणणं खरं आहे. फक्त याचं उत्तर जखमीकडे कमी बघणं हे नाही. खोटा दावा कशाने पकडला जातो? डॉक्टरला साक्षीला बोलावून, माणूस काय काम करत होता हे खोदून विचारून. आणि खऱ्या जखमीला न्याय कशाने मिळतो? त्याच प्रश्नांनी. दोघांचं औषध एकच आहे, आणि कंटाळा आपल्याला त्याच औषधाचा आहे.

आपल्या देशात २०२२ या एका वर्षात रस्त्यांवर १ लाख ६८ हजार ४९१ माणसं गेली. हा आकडा पेपरात येतो. त्याच वर्षीचा जखमींचा आकडा ४ लाख ४३ हजार ३६६. तो खालच्या ओळीत असतो.

शेवटी एका शब्दाबद्दल बोलते. भरपाई. जुन्या देण्याघेण्यात भरपाई म्हणजे देणं पुरतं फिटल्याची पावती. भरून पावलो, म्हणजे आता तुमचं माझं काही राहिलं नाही. सावकाराच्या वहीला हा शब्द शोभतो. जखमीच्या बाबतीत आपण एकदाच रक्कम ठरवतो, एकदाच देतो आणि भरून पावलास असं लिहून टाकतो. पाच वर्षांनी कृत्रिम पाय झिजला, सांधा पुन्हा उघडावा लागला, तरी सहसा ते दार परत उघडत नाही. म्हणून पुढच्या उपचारांचा खर्च, पाय किती वर्षांनी बदलावा लागेल, हे डॉक्टरकडून पहिल्याच वेळी साक्षीत आणावं लागतं. तेही कुणी सांगत नाही.

काय करता येईल, ते थोडक्यात. वकिलांनी जखमीचं काम कोर्टाला दाखवावं. सुतार असेल तर रंधा धरायला सांगा, ताई असेल तर कात्री. वही, मजुरीचा हिशेब, गावातल्या मुकादमाची साक्ष, हे सगळं पुरावाच आहे. दावा जिथे अपघात झाला तिथेच लावायला पाहिजे असं नाही, आपण राहतो तिथेही लावता येतो. मागितली त्यापेक्षा जास्त रक्कम न्याय्य वाटली तर न्यायाधिकरण ती देऊ शकतं, हे २००२ पासून ठरलेलं आहे. मात्र सहा महिन्यांत दावा लावण्याची मुदत २०२२ पासून कायद्यात परत आली आहे, त्यामुळे बरं वाटल्यावर बघू, असं करू नका. आणि न्यायाधीशांना, ते हे ऐकत असतील तर, हात जोडून एकच विनंती. राजकुमारमधला परिच्छेद उतरवून घेतल्यावर पुढे फक्त तीन ओळी लिहा. हा माणूस काय काम करत होता, त्यातलं आता काय जमत नाही, आणि त्याला कोण सांभाळतं. मग टक्का लिहा.

मी कंपनीचं काम सोडलं ते काही त्या एका केसमुळे नाही, असं एका झटक्यात कुणी सोडत नसतं. पण जबाबावरचा तो डाव्या अंगठ्याचा ठसा मला आठवतो. प्रकरण निकाली निघालं, त्या जबाबाचा कागद कुठल्यातरी अभिलेख कक्षात गठ्ठ्यात बांधून ठेवलेला असेल. त्यावर 'भरपाई दिली' असा शेरा असेल. ताईंच्या मशीनचं पुढे काय झालं, ते त्या कागदावर नाही, आणि तेव्हा मीही विचारलं नाही.

एवढं बोलून थांबते. प्रश्न असतील तर जरूर विचारा.